सालोंगोचा लांबलेला सोहळा

"तुझा नवरा त्या कडेच्या केळीपाशी लघवीला जातो ना? तिथे मुंग्यांची रांग लागलीय," चुलीवरून वाफवलेल्या केळ्यांचं पातेलं उतरवता उतरवता आत्या म्हणाली. "मला ते बरं दिसत नाही, नासूना."

नासूना एका जुळीला पाठीला बांधून दुसरीला पाजत होती. मुली पाच महिन्यांच्या. कोण किती वाजता प्यायली, कुणाचं अंग कोमट लागलं, हे सगळं ती एका वहीत लिहून ठेवायची. "आत्या, मुंग्या कुठे नसतात?" ती हसून म्हणाली. कॉलेजात शिकलेली, शाळेत जीवशास्त्र शिकवणारी बाई ती. दुसऱ्या दिवशी तिने केळीच्या बुंध्याशी मुंग्यांचं औषध ओतलं आणि विषय संपवला.

तिचा नवरा मुकीबी शिंपी होता. मसाका शहराच्या बाजारामागे एका ओसरीवर त्याचं शिलाईयंत्र. उंच खांद्यांचे, कमरेला रुंद पट्टा बांधायचे बायकांचे झगे शिवावेत ते त्यानेच. मुली झाल्यापासून मात्र त्याचं नाव कुणी घेईना. जुळ्यांचा बाप म्हणून तो सालोंगो, ती नालोंगो. मोटारसायकलवाले जाता जाता ओरडायचे, "सालोंगो, पुढची जोडी कधी? आम्हालाही शिकवा की!" मुकीबी नुसता मान हलवायचा. ओठांत टाचण्या धरलेल्या माणसाला उत्तर द्यावं लागत नाही.

जुळ्यांचा सोहळा अजून व्हायचा होता. दोन्ही घरची माणसं जमतात, नाचतात, मुलींची नावं घेतात; आणि शेवटी त्या रात्री आईबाप नवरा-बायको म्हणून एकत्र आले की सोहळा पुरा होतो. तोवर तो अर्धाच, आणि अर्धा राहिला की पोरींना भोवतो, असं सगळे म्हणत. नासूनाचा विश्वास नव्हता. पण मुकीबीने तीनदा दिवस पुढे ढकलला. आधी शाळेच्या गणवेशांची गर्दी, मग पाहुण्याचं लग्न, मग "पोरी जरा मोठ्या होऊ देत." चौथ्यांदा दिवस ठरला तेव्हा धाकट्या जुळीला, नाकातोला, ताप आला, आणि वहीत तापाचा आकडा लिहून नासूनाने त्याखाली दोनदा रेघ ओढली.

त्याच दुपारी तिला मुलीच्या झबल्यासाठी पांढरा दोरा हवा होता. यंत्राच्या खणात रिळांच्या मागे कागदाच्या चार पुड्या सापडल्या. वास घेतल्यावर कळलं. पुरुषांच्या ताकदीची मुळी, बाजारात उघड विकतात ती.

तिला पहिल्यांदा जे वाटलं ते कुठल्याही बाईला वाटलं असतं. आपल्याकडे तर तो सात-आठ महिने पाठ करून झोपतो. मग ही ताकद कुणासाठी? तिने आरशात आपलं सैल पडलेलं पोट पाहिलं आणि तिची खात्रीच पटली.

मुकीबी जेवायला आला तेव्हा पुड्या चटईवर मांडलेल्या होत्या.

"कोण आहे ती?" नासूनाने विचारलं.

"कोण ती?"

"तेच विचारतेय मी. नाव नका सांगू हवं तर. कुठे राहते तेवढं सांगा."

मुकीबी खाली बसला. अंगठ्याने बोटावरची सुईची जुनी भोकं चोळत राहिला. नासूनाच्या जिभेवर अजून बरंच काही होतं, पण त्याची मान तिला दिसली. सदऱ्याच्या गळ्यात ती सैल हलत होती. दुसऱ्यांची मापं घेणारा हा माणूस, याचे कपडे कधी एवढे ढगळ झाले? ती बोलायची थांबली. मुलीला थोपटत नुसती बसून राहिली. भात निवला. नाकातो झोपली.

"कुणी नाही," शेवटी तो म्हणाला. "असती तरी काय उपयोग होता? होतच नाही मला, नालोंगो. तू पोटुशी होतीस तेव्हापासून. मला वाटलं दमलोय. मग वाटलं कुणीतरी करणी केली. गाव मला सालोंगो म्हणतं, आणि मी..." त्याने पुड्या चटईवरून बाजूला सारल्या.

"आणि मी समजत होते की तुम्हाला माझी शिसारी येते."

"तुझी?" त्याने एवढ्या आश्चर्याने वर पाहिलं की तिला रडूच आलं.

सोमवारी नाकातोला दाखवायला म्हणून दोघं दवाखान्यात गेले. पोरीचा ताप साध्या सर्दीचा निघाला. मग नासूना डॉक्टर बिरुंगीबाईंना म्हणाली, "आता यांना तपासा." मुकीबीने जमिनीकडे बघत सगळं सांगितलं.

"पहाटे जाग येते तेव्हा तरी ताठरपणा असतो का?" बाईंनी चपलेचं माप विचारावं तसं विचारलं.

"तेव्हाही नाही."

"म्हणजे नुसती मनाची भीती नाही. तहान लागते?"

"पाण्याचा डबा संपवतात," नासूना म्हणाली. "रात्री चारदा उठतात. मला वाटायचं, माझ्याजवळ नको म्हणून उठतात."

बाईंनी त्याच्या बोटाला टोचून रक्ताचा थेंब घेतला. सुईची सवय असलेला मुकीबी त्या टोचण्याने दचकला. आकडा बघून बाईंनी तो पुन्हा एकदा तपासला. "मधुमेह आहे. बऱ्याच दिवसांचा असणार."

"लघवीला मुंग्या येतात त्या..." नासूनाने विचारलं.

"साखरेमुळेच. कुणी पाहिल्या होत्या?"

"माझ्या आत्याने. मी त्यांच्यावर औषध ओतलं."

बाई हसल्या नाहीत. मुकीबीकडे वळून म्हणाल्या, "तिथल्या रक्तवाहिन्या बारीक असतात. साखरेने बिघडायला लागल्या की आधी त्या कुरकुरतात. हृदयाच्या मोठ्या, त्यांचं उशिरा कळतं, आणि कधी कधी फारच उशिरा. तुमच्या शरीराने लवकर सांगितलं म्हणा."

"म्हणजे माझ्यावर कुणी काही केलेलं नाही?"

"केलं असेल तर साखरेने. गोळ्या देते, त्या सोडायच्या नाहीत. गोड पेयं बंद, रोज चालायचं, आणि ती पूड फेकून द्या. त्यात काय मिसळतात देव जाणे. रक्तदाब आणि हृदय बघू. ठीक असलं तर याच्यावरही गोळी आहे, पण ती मी देईन, बाजारातून घ्यायची नाही."

"पुन्हा पहिल्यासारखं होईल?"

"काहींचं होतं, काहींचं थोडं होतं. आत्ताच नक्की सांगितलं तर खोटं होईल. भीतीनेही बिघडतं, हे लक्षात ठेवा. दोघं मिळून आलात ते बरं केलंत."

संसारातल्या आतल्या गोष्टी भाचीशी बोलायचा मान आत्याचाच. म्हणून नासूनाने तिला सगळं सांगितलं, सोहळ्याचं काय करायचं तेही विचारलं.

"एवढंच?" आत्या सोललेल्या केळ्यांवरून मान वर न करता म्हणाली. "तू पाय लांब करून बसायचं. त्याने तुझ्या पायांवरून पलीकडे पाऊल टाकायचं. ते एकत्र आल्यासारखंच धरतात. झाला सोहळा पुरा. आमच्यात कित्येकांनी असंच केलंय. कोण सांगत बसतं?"

"मग मला आधी का नाही सांगितलंस?"

"तू विचारलंस का? तू वहीत लिहीत होतीस, बाई."

महिन्याभराने सोहळा झाला. ढोल थकले, पाहुणे अंगणात जेवायला बसले. आतल्या खोलीत नासूना चटईवर पाय लांब करून बसली. मुकीबीने चपला दाराशी काढल्या. तिच्या गुडघ्यांपाशी आल्यावर थांबला, झग्याची सुरकुती दोन बोटांनी सरळ केली, आणि एकेक पाऊल उचलून हळूच पलीकडे गेला. मग तिच्याशेजारी बसला. बाहेरून कुणीतरी "सालोंगो!" अशी हाक मारली. "आलो," तो म्हणाला, पण उठला नाही.

हल्ली लसीकरणाच्या रांगेत नासूना शेजारच्या बायकांना हळूच विचारते, घरचा माणूस पाणी किती पितो, बारीक तर होत नाही ना. बायका आधी हसतात, मग काही जणी हसायच्या थांबतात. वाचणाऱ्यांकडेही तिचं एवढंच मागणं आहे. तुमच्या घरात कुणी गप्प झालं असेल, पाठ फिरवून झोपू लागलं असेल, तर भांडायच्या आधी जवळ बसा आणि विचारा. उत्तर लगेच येणार नाही. बसून राहा.