जावयाच्या पुरचुंड्या

सासूबाईंचे उरलेसुरले दात काढले, त्या दिवसापासून त्यांनी जेवण जवळजवळ टाकलंच. कवळी तयार व्हायला अजून अवकाश होता. मुलीनं मऊ भात कालवून दिला, सूप दिलं, दुधात पाव कुस्करून दिला. सगळ्यांबरोबर बसून दोन घास खाल्ले न खाल्ले की "भूक नाही गं" म्हणून ताट सरकवायचं. मुलगी नर्स होती. रागावून पाहिलं, विनवून पाहिलं, शेवटी तिनंही हात टेकले.

जावई या सगळ्यात गप्प होता. तो गॅरेजमध्ये मेकॅनिक. सासरे गेल्यावर सासूबाई त्यांच्याकडे राहायला आल्या त्याला वर्ष होत आलं, पण दोघांचं बोलणं "चहा घेतलात?" "घेतला" याच्या पुढे सरकलं नव्हतं. अगदी पंखा बंद करायचा असला तरी सासूबाई मुलीला सांगत, "अगं, त्यांना म्हणावं." पण त्यांच्या मनगटातली बांगडी आता कोपरापर्यंत घसरते, हे त्यानं पाहिलं होतं.

रविवारी बायको ड्युटीवर गेली आणि त्यानं मैद्याचं पीठ भिजवलं. गॅरेजमधल्या सोबत्याच्या घरी त्यानं एकदा भाजी आणि टोफू भरलेली वाफवलेली डंपलिंग खाल्ली होती. इतकी मऊ, की जिभेनं दाबली तरी विरघळावीत. त्यानं कोबी, गाजर चिरलं, टोफू कुस्करला, आलं-लसूण घातलं, लाटलेल्या पाऱ्यांत ते सारण भरलं आणि डंपलिंग चाळणीत वाफवायला ठेवली. थोड्या वेळानं झाकण काढलं तर सगळी फुटलेली. चाळणीत नुसता लगदा.

"अरे देवा," तो पुटपुटला.

सासूबाई दारात उभ्या होत्या. तोंडावर रुमाल. दात काढल्यापासून तो रुमाल त्यांच्या हातातून सुटला नव्हता.

"काय करताय?"

"डंपलिंग. म्हणजे पुरचुंड्याच म्हणा. आत भाजी आणि टोफू. सोयाबीनचं पनीर असतं तसं."

त्यांनी परातीतलं सारण चिमटीत दाबून पाहिलं. "कोबीला पाणी सुटलंय. मीठ लावून पिळायचा असतो. टोफूसुद्धा." मग म्हणाल्या, "एक स्वच्छ फडकं द्या."

सासूबाई फडक्यात सारण घालून पिळू लागल्या. एका हातात रुमाल, जोर कमी पडला, तेव्हा त्यानं दुसरं टोक धरलं. तो पाऱ्या लाटायचा, त्या भरायच्या, कडा तो दाबायचा.

"घट्ट दाबता हो."

"पंक्चर काढायची सवय आहे."

त्या रुमालाआडून हसल्या.

या वेळी एकही फुटली नाही. त्यानं वाफाळत्या पुरचुंड्या त्यांच्यापुढे ठेवल्या. त्यांनी वास घेतला आणि म्हणाल्या, "तुम्ही खा. मी नंतर घेते, खोलीत."

"गार झाल्या की मजा जाते, आई."

त्यांनी रुमाल तोंडावर आणखी घट्ट धरला. "तुमच्यासमोर असं बोळक्या तोंडानं चघळायचं… बरं दिसत नाही हो. तुम्ही जावई माणूस."

त्याला एकदम सगळं उमगलं. ते कुस्करलेले पाव, ते परत गेलेले भात. माणूस उपाशी राहिलं होतं ते लाजेपायी, आणि सगळे जण भूक कुठे गेली म्हणून शोधत होते.

त्यानं आपली ताटली उचलली, खुर्ची फिरवली आणि गॅसकडे तोंड करून बसला. "पुढचा घाणा लावलाय. पाणी आटेल, लक्ष ठेवायला पाहिजे. तुम्ही चालू द्या."

मागे चमचा ताटलीला लागला. पुन्हा लागला. तो चाळणीकडे बघत राहिला. पाणी भरपूर होतं.

"आलं जरा जास्त चाललं असतं," मागून आवाज आला. मग म्हणाल्या, "इकडे तोंड करून बसा आता. पाठीशी काय बोलायचं?"

तो वळला. रुमाल टेबलावर पडला होता, हनुवटीवर कोबीचा कण होता, आणि सासूबाई गाल आत-बाहेर करत सावकाश चघळत होत्या.

संध्याकाळी मुलगी घरी आली तेव्हा ताटलीत फक्त पहिल्या घाण्यातल्या फुटक्या उरल्या होत्या.

"मला एवढंच?" ती म्हणाली.

"खाऊन बघ तरी," आई म्हणाली. "चवीला चांगल्या आहेत. पुढच्या रविवारी पुन्हा करणार आहोत आम्ही."

मुलीनं एकदा आईकडे, एकदा नवऱ्याकडे पाहिलं, आणि पर्स खांद्यावरून न काढताच ओट्याशी उभी राहून खाऊ लागली.