गळ्याशी शिवलेले नाव

मी एक जुना कोट आहे. निळ्या मखमलीचा, पितळी बटणांचा, चाच्यांच्या कप्तानाचा. मित्रांनो, आता तुम्ही कळते झालात, म्हणून हे सांगतो.

लॉस एंजेलिसमध्ये लुसीलबाईंनी मला शिवले, ते मुलांच्या एका समुद्रसफरीच्या चित्रपटासाठी. तिथली रीत अशी, की जो कोट घालणार त्याचे नाव कापडी पट्टीवर लिहून कॉलरच्या आत शिवायचे. माझ्या गळ्याशी नाव आले कप्तानाचे काम करणाऱ्या नटाचे, एव्हरेट लिंडक्विस्ट. चित्रपट गाजला. एव्हरेट मला घालून रुग्णालयातल्या आजारी मुलांना भेटायला जात. मुले माझी बटणे ओढत आणि दुखणे विसरत. याहून पुण्य ते कोणते!

पुढे चित्रपट काढणारी कंपनी बुडाली. मी भाड्याच्या कपड्यांत गेलो आणि एका हिवाळ्यात डोंगरापलीकडच्या गोदामात पोचलो. तिथे गोष्ट तीच, गलबत तेच, खजिन्याची पेटीही तीच. पण चित्रपट प्रौढांचा, चावट. कीर्तनात द्रौपदीला वस्त्र पुरवले जाते तेव्हा श्रोते डोळे पुसतात. मला मात्र उतरवण्यासाठीच आणले होते. पहिल्याच प्रसंगात अंगावरून गळायचे आणि फरशीवर पडून राहायचे.

इथली कप्तान होती डेनिस, तिशीतली बाई. डेनिस हे तिचे पडद्यापुरते नाव. आवाज नको म्हणून चित्रीकरण चालू असताना हीटर बंद असे. प्रसंग संपला की ती धावत येऊन मला लपेटून घेई. तिचे दात वाजत.

एकदा तिने कॉलर उलटून नाव वाचले. कपडे सांभाळायला म्हाताऱ्या लुसीलबाईच होत्या.

"बाई, हा त्यांचा कोट?"

"अगं, मीच शिवलाय तो."

"बाबांच्या खांद्यावर बसून पाहिला होता मी तो सिनेमा. मला कप्तानच व्हायचं होतं."

"मग झालीस की!" बाई म्हणाल्या. दोघीही हसल्या नाहीत.

दिग्दर्शक रिकने ते ऐकले. "खरा कोट? मग कॉलर जवळून घ्या रे! नाव दिसू दे. लोक पोट धरून हसतील."

"रिक, तो माणूस अजून आजारी मुलांकडे जातो. मग त्याला दारात तरी उभं करतील का?"

"राणी, चेष्टेचा सिनेमा आहे हा!"

"मग गोष्टीची कर. गलबताची कर. माझी कर. त्यांची नको."

"कॅमेरा लावा!" म्हणून रिक वळला. लुसीलबाईंनी डेनिसच्या हातात कात्री ठेवली. टाके तटतट तुटले. पट्टी तिच्या बुटात गेली.

"नाव कुठं गेलं?" रिक ओरडला.

"समुद्रात पडलं, साहेब."

सगळे गोदाम हसले, रिक सोडून. "उद्यापासून येऊ नकोस."

ती निघताना लुसीलबाई हळूच म्हणाल्या, "तुझं नाव शिवते इथं. खरं सांग."

"नको बाई. ते आईनं ठेवलंय. घरीच राहू दे."

तिने मला घडी घालून ठेवले. दार उघडले तेव्हा बाहेर बोचरा वारा होता, आणि मी आत होतो.

आता मी दुकानात टांगलेला आहे. बालनाट्याची माणसे येतात, मखमल चाचपतात, मी कुठे कुठे गेलो होतो ते ऐकतात आणि मला परत लावून जातात. गळ्याशी फक्त सुईची भोके उरली आहेत.

मित्रांनो, मला नेऊ नका हवे तर. पण कुणी कुडकुडताना दिसले, तर आधी पांघरूण घाला. नाव विचारू नका.