वरच्या डब्यातला बुश

मित्रांनो, मी दिसायला एक असलो तरी आहे तीन डबे. एकावर एक बसणारे, बाजूच्या खटक्यांनी एकमेकांना धरून राहणारे. खालचा मोठा, चाकांचा. त्यात नट आवळायचे पाने, साखळी, पुली. मधल्यात वायरी आणि मीटर. वरचा उथळ, छोट्या छोट्या खणांचा. अंग काळं आणि खटके पिवळे. पुढे ग्रीसने खटकेही काळेच झाले. मोटर दुरुस्त करणाऱ्याची हत्यारं सांभाळणं हे माझं काम.

प्लास्टिकचे दाणे वितळवून साच्यात ओतले आणि मी झालो. त्या कारखान्याचं मला फारसं आठवत नाही. माझं खरं आयुष्य सुरू झालं ते अकोल्याच्या एका दुकानातून लुबनाने मला उचललं तेव्हा. लुबना अकोल्याला शाळेत शिकवते. तिचे वडील अब्दुल गफ्फार वरूडला राहत आणि विहिरींवरच्या मोटरी दुरुस्त करत. त्यांचा दिवस संत्र्याच्या बागांत जाई. हत्यारं तेव्हा खताच्या रिकाम्या पोत्यात असत, म्हणून तिने मला त्यांच्यासाठी वरूडला आणलं.

मला पाहून लुबनाची आई जहाँआरा म्हणाली, "ये औजार के डब्बे हैं के दुल्हन का जहेज? अब इनको पलंग पे सुलाव."

"हाँ तो," गफ्फारभाई म्हणाले, "डब्बे पलंग पे, मैं आंगन में."

माझ्या चाकांचं घरात फार कौतुक झालं. पहिल्याच ओलिताच्या शेतात ते संपलं. वरूडची काळी माती चाकाला धरली, त्या मातीला आणखी माती धरली आणि मी जागचा हलेना. मग गफ्फारभाईंनी मला सरळ खांद्यावर घेतलं. बांधावरचे लोक हसायचे.

"काहो गफ्फारभाई, गाडी तुमाले वाहते का तुमी गाडीले?"

"लेकीनं देल्ली हाय बाप्पा. डोक्शावर बी घेईन."

त्यांची एक रीत होती. एका शेताचा नट ते दुसऱ्या शेताच्या खणात कधी ठेवत नसत. ज्याच्या मोटरीचं जे काढलं, ते त्याच्या खणात, चिंधीत बांधून. त्यांच्या हाताला ग्रीसचा वास असे. शुक्रवारी त्यात अत्तर मिसळे. तो वास हळूहळू माझ्या आत मुरला. त्या वर्षांत मी सुखी होतो, मित्रांनो. दमलेला, पण सुखी.

गेल्या हिवाळ्यात नत्थुजींची मोटर बिघडली. नत्थुजी गफ्फारभाईंचे जुने स्नेही. मोटरीचा दांडा ज्या पितळी कडीत फिरतो तिला बुश म्हणतात. तोच झिजला होता. मोटर इतकी जुनी की तसा बुश बाजारात मिळेना. गफ्फारभाईंनी झिजलेला बुश नमुन्याला नेला आणि अमरावतीहून लेथवर नवा कातून आणला. दोन्ही एका चिंधीत बांधून त्यांनी माझ्या वरच्या डब्यात ठेवले.

घाई नव्हती. त्या दिवसांत संत्र्याला ताण देतात. बागेचं पाणी तोडायचं, झाडाला तहानेलं ठेवायचं, आणि मग पाणी सोडलं की झाड फुलांनी भरतं. मात्र ताण वेळेवर तोडावा लागतो. लांबला तर झाड फुलत नाही, वाळतं. गफ्फारभाई नत्थुजींना म्हणाले होते, "तुमचा ताण तुटाच्या आंधी मोटर बसली समजा."

मोटर बसवायला निघायच्या सकाळी ते मला मोटारसायकलवर बांधत होते. रबरी पट्ट्याचा एक हूक त्यांनी अडकवला. दुसरा हातातून निसटला. ते माझ्यावर टेकले, मग सावकाश खाली बसले. पुन्हा उठले नाहीत.

लुबना आली. दफन झाल्यावर तिने मला घरात आणलं, कोपऱ्यात ठेवलं. वरच्या डब्याचं झाकण किंचित उचलून तिने तोंड जवळ आणलं, एक श्वास घेतला आणि झाकण घट्ट दाबलं. मग दोन्ही खटक्यांतून तार घालून पिळून टाकली.

गफ्फारभाईंच्या हाताखाली शिकलेला जुबेर आता स्वतः कारागीर आहे. तो तिला म्हणाला, "दीदी, चालीसवें के बाद औजार किसी के काम आए तो सवाब मिलेगा. पडे पडे जंग खाएंगे."

"खाने दो," लुबना म्हणाली. "इसमें अब्बा की खुशबू है. खोला तो उड जाएगी."

जुबेरने पुन्हा विषय काढला नाही. हिवाळा सरत आला. नत्थुजी आणि त्यांची बायको रुख्मिणी भेटायला आले. नत्थुजी नेमके माझ्या शेजारी बसले. त्यांची नजर माझ्यावरच होती. ते काय शोधताहेत हे मला कळत होतं. जहाँआरा चहाला आत गेली तशी रुख्मिणी कुजबुजली, "इचारा ना."

"काय इचारू?"

"बुशाचं. झाडं वाळून राह्यली."

"मयताच्या घरी बुश मांगू? थे पोरगी पाह्य कशी बसली हाय. चूप राय."

लुबना उठून आत गेली आणि चहा घेऊन आली. "चाचा, बाग कशी आहे?"

"बाग? झकास हाय माय. तू नोको फिकर करू."

मित्रांनो, मला वाचा नाही. त्यांचं जे होतं ते माझ्या पोटात होतं, हातभर अंतरावर. आणि ते चहा पिऊन उठून गेले.

शेवटी आली नत्थुजींची मुलगी सीमा. एकटीच. चपलासुद्धा न काढता दारातच उभी राहिली.

"लुबना, रागावू नोको. आमच्या मोटरीचा बुश तुमच्या डब्यात हाय. मी आलती म्हणून बाबाले सांगजो नोको."

लुबना उठून उभी राहिली. "तुमची मोटर अजून उघडीच आहे? मग पाणी?"

"शेजाऱ्याच्या हिरीवरून पाइप टाकला. अर्ध्या बागेले पुरते. बांधाकडचं गेलं."

"काहून नाही बोलले चाचा?"

"तू तार बांधून बसली होती. कोणत्या तोंडानं बोलतीन?"

लुबना माझ्याजवळ येऊन बसली. तारेवर गंज चढला होता. पिळे सोडवताना तिच्या बोटाला लागलं, पण ती थांबली नाही. झाकण उचललं आणि तो वास बाहेर आला, खोलीभर पसरला. जहाँआरा स्वयंपाकघरातून धावत दारापर्यंत आली आणि चौकट धरून उभी राहिली. थोड्या वेळाने खोलीत फक्त चुलीवर उकळणाऱ्या चहाचा वास होता.

चिंधी तिने सोडली नाही. तशीच सीमाच्या हातात दिली.

दुसऱ्या दिवशी जुबेरने मोटर बसवली. मीही होतो तिथे, विहिरीच्या काठावर. पाणी आलं. नत्थुजींनी ते ओंजळीत घेऊन तोंडावर मारलं. लुबना मात्र बांधाकडे चालत गेली. तिकडच्या ओळींत एक पान नव्हतं.

"चाचा, ही झाडं..."

"म्हातारी होती माय थे. उपडाचीच होती."

लुबनाने एका बुंध्याला एका हाताची मूठ घातली. बुंधा इतका कोवळा की तिची बोटं पलीकडे एकमेकांना मिळाली. नत्थुजी दुसरीकडे पाहू लागले.

आता मी जुबेरकडे आहे. त्याने माझे खटके घासले, चाकांतली वाळकी माती काढली. पाने पुन्हा चालतात. माझ्या आत आता साबणाचा आणि जुबेरच्या हाताचा वास आहे. पहिला वास मी शोधतो. तो नाही.

मित्रांनो, आम्हा हत्यारांच्या डब्यांना प्रेमाने बंद करू नका. आम्हाला पुसा, वापरा. आणि ज्या घरातून माणूस गेलं आहे तिथे रडून झालं की एक काम करा. त्या माणसाची पेटी, पिशवी, कपाट उघडून बघा. कोणाचं काही आत राहिलं असेल, तर त्याच्यावर मागायची वेळ येऊ देऊ नका. मागायला संकोच करणारी माणसं आपलं सुकू देतात, पण तोंड उघडत नाहीत.