उजेड वाढवून पाहिला

"अहो, जीव जाईल आता त्या बटणाचा. सोडा त्याला."

बायको पलंगावर बसून कपड्यांच्या घड्या घालत होती. क्रेनवाल्याने ऐकून न ऐकल्यासारखं केलं. मॉनिटरच्या खालच्या कडेला मागून हात घालून तो एक बारकं बटण चाचपत होता. ते दाबलं की पडद्याच्या कोपऱ्यात यादी उघडायची: ब्राइटनेस, कॉन्ट्रास्ट, गॅमा आणि आणखी काय काय. बटण फिरवून एक निवडायला जावं तर भलतंच निवडलं जायचं. उंच टॉवर क्रेनला दोन दांड्यांवर नाचवणारा हा माणूस, पण त्या वाटाण्याएवढ्या बटणाने त्याच्या नाकी नऊ आणले होते.

"बाबा, आहात ना?" हेडफोनमधून लेकीचा आवाज आला. "पुन्हा मेलात तुम्ही."

"मेलो कसला, मारलं मला कोणीतरी. या डबड्यात दिसतंय काय?"

"कुठून मारलं?"

"ते दिसलं असतं तर मीच नसतं का मारलं त्याला?"

पलीकडे कोणीतरी हसलं. लेकीच्या मैत्रिणी होत्या त्या. पाचजणांची टोळी, त्यात चार पोरी आणि पाचवा हा. एका बंद पडलेल्या कारखान्यात दोन टोळ्यांनी एकमेकींना हुडकून मारायचं, असा तो गेम होता. लेक शिकायला दुसऱ्या शहरात, हॉस्टेलवर गेली तेव्हा जाता जाता तिनेच तो बापाला शिकवला. घरी होती तोवर दोघांचं बोलणं 'जेवलीस का' आणि 'उशीर का झाला' यांच्या पुढे कधी सरकलंच नाही. आता मात्र रोज संध्याकाळी गोळ्या झाडता झाडता ती सगळं सांगायची. खोलीतली मैत्रीण घोरते, एक सर फार टोचून बोलतात, परवा उगीचच रडू आलं. बापही दाराआड दबा धरून बसल्या बसल्या म्हणायचा, "रडावं गं कधीकधी. त्याने काही बिघडत नाही." समोरासमोर हे वाक्य त्याच्या तोंडून सात जन्मांत निघालं नसतं.

आणि हल्ली तो त्या टोळीला जड होऊ लागला होता. कालच एकीचा आवाज त्याच्या कानावर पडला होता. माइक बंद करायचं ती विसरली असावी. "रविवारच्या सामन्यात काकांना बाहेर बसवू या का? अगं, समोर शत्रू उभा असतो तरी दिसत नाही त्यांना." लेकीने काय उत्तर दिलं ते ऐकू आलं नाही. तेव्हापासून त्याला चैन नव्हती. जेवताना, आंघोळ करताना, क्रेनची शिडी चढतानासुद्धा डोक्यात तेच. दोष मॉनिटरचा होता, याबद्दल मात्र त्याला तिळमात्र शंका नव्हती.

"बाबा, एक काम करा," लेक म्हणाली. "डिस्प्लेच्या सेटिंगमध्ये जा. रिफ्रेश रेट किती आहे?"

शोधता शोधता त्याने दोनदा आवाज बंद केला आणि एकदा गेमच मिटवून टाकला. शेवटी सापडलं. "साठ."

"अहो बाबा! तुमचा मॉनिटर सेकंदाला एकशे चव्वेचाळीस वेळा चित्र बदलू शकतो. आणला तेव्हापासून साठवरच चालवताय? बदला ते आधी."

त्याने बदललं आणि पडद्यावर जादूच झाली. मान वळवली की कारखाना लोण्यासारखा वळायचा. माणसं धक्के खात धावायची ती आता सरळ पळू लागली. "अगं, बघ बघ, काय चाललंय हे!" तो बायकोला ओरडून म्हणाला. बायकोने मान वर करून पाहिलं, "छान," म्हणाली आणि चादरीची घडी घातली. त्या आनंदात त्याने लागोपाठ दोघांना लोळवलं. दोघंही भर उन्हात उभे होते, ही गोष्ट वेगळी. तिसऱ्या फेरीत तो गोदामात शिरला आणि अंधारातून आलेल्या गोळीने पहिल्याच पावलाला आडवा झाला.

त्या संध्याकाळपासून तो हात धुऊन मॉनिटरच्या मागे लागला. ब्राइटनेस शंभरावर नेला. कॉन्ट्रास्ट वर नेला, खाली आणला, पुन्हा वर नेला. गेम मोड, सिनेमा मोड, वाचन मोड, सगळे लावून पाहिले. अंधाऱ्या जागा उजळ करायला म्हणून एक ब्लॅक इक्वलायझर होता, तोही शेवटापर्यंत ताणला. मग कुठे गोदामाचा कोपरा राखाडी होऊन त्याला थोडाफार दिसू लागला. खोलीतला दिवा मालवून पाहिला. दिवा लावून पाहिला. टेबल भिंतीपासून सरकवलं, परत लावलं. बायको म्हणाली, "एकदा मलाच गोळी घाला म्हणजे सुटेन." तो हसला नाही. एरवी हसला असता.

कामावरही मन लागेना. त्या अर्धवट उभ्या इमारतींच्या आवारात त्याला सगळे 'वरचे' म्हणत. सिमेंट कधी येणार, पाऊस पडेल का, लिफ्ट कधी लागणार, काहीही विचारलं की उत्तर ठरलेलं, "वरच्यांना विचार." मग सगळे खिदळत. इशारे देणारा जो माणूस खाली उभा असायचा, तो 'खालचा'. वॉकीटॉकीवर दोघांचा दिवसभर संवाद चाले. "वरचे, उचला. हळू. डावीकडे. अजून. थांबा. सोडा." अशी कित्येक वर्षं. वरून सगळं आवार तळहातावर असल्यासारखं दिसायचं आणि हा अधूनमधून खालच्याला चिडवायचा, "तुझ्या मागे साहेब आलाय, विडी विझव." खालचा दचकून विडी टाकायचा. साहेब कधी असायचा, कधी नसायचा.

हल्ली हे चिडवणं बंद पडलं होतं. दिवस कलला की तो खालच्याला जरा जास्तच प्रश्न विचारायचा, आणि वय झालं की माणूस सावध होतो, अशी स्वतःची समजूत घालायचा. वरून नीट दिसणं हीच तर त्याची सगळी नोकरी. म्हणून डोळ्यांचं नाव त्याने मनातल्या मनातसुद्धा काढलं नव्हतं.

शनिवारी सुट्टी होती. मॉनिटर विकणाऱ्या दुकानदाराला तो घरीच घेऊन आला. रस्ताभर त्याने दुकानदाराची हजेरी घेतली. फसवलंत, जुना माल दिलात, कंपनी तरी खरी आहे का. दुकानदार बिचारा गरीब स्वभावाचा, "बघू ना काका, बघू ना," करत आला. खुर्चीत बसला, गेम सुरू केला आणि पडद्याकडे पाहून एकदम मागे सरकला.

"काका, हे काय करून ठेवलंय?"

"का? काय झालं?"

"सगळं पांढरंफटक! धुकं पडल्यासारखं. भिंत कुठली, जमीन कुठली, काही कळत नाही. डोळे दुखत नाहीत तुमचे?"

"मला तर हेच बरं दिसतं."

"छे!" दुकानदाराने ते वाटाण्याएवढं बटण एका बोटाने असं फिरवलं जणू जन्मापासून तेच करत आला होता. सगळ्या सेटिंग मूळ जागी नेल्या, मग ब्राइटनेस थोडा, कॉन्ट्रास्ट थोडा, अंधाराची सेटिंग मधोमध. "आता बघा. रंग कसे खुलले! मॉनिटर एक नंबर आहे तुमचा. त्याला उगाच बोल लावू नका."

क्रेनवाल्याने दुकानदाराच्या जागी बसून पाहिलं. गोदामाच्या जागी काळा चौकोन होता.

"हे तर अंधारलं सगळं," तो म्हणाला.

बायको हात पुसत मागे येऊन उभी राहिली होती. तिने आयुष्यात एकदाही हा गेम खेळला नव्हता, खेळायची इच्छाही नव्हती. ती म्हणाली, "कुठे अंधारलं? किती छान दिसतंय आता. त्या खोक्यांवरची अक्षरंसुद्धा दिसताहेत. आणि अहो, तो बघा ना दारात माणूस उभा आहे."

"कुठे?"

"तो काय, बंदूक घेऊन. तुमच्याकडेच बघतोय."

"हो काका, समोरच आहे की," दुकानदार म्हणाला. "मारा त्याला."

क्रेनवाला पुढे वाकला. नाक काचेला लागेपर्यंत वाकला. काळ्या चौकोनात काळंच होतं. दारही नव्हतं, माणूसही नव्हता. मग तिथून एक ठिणगी उडाली, पडदा लाल झाला आणि तो मेला.

दुकानदार हसत हसत चहा पिऊन गेला. बायको मात्र हसली नाही. ती नवऱ्याच्या पाठीकडे बघत राहिली. मग जवळ येऊन खांद्यावर हात ठेवून म्हणाली, "खरंच नाही दिसला का हो?"

"नाही," तो म्हणाला. त्याला भीती वाटली, साधी, लहान मुलाला वाटते तशी.

संध्याकाळी लेक गेममध्ये आली तेव्हा त्याने तिला सांगितलं. हेडफोनमधून सांगणं सोपं गेलं. "मॉनिटर चांगला आहे गं. मलाच दिसत नाही अंधारातलं. उद्या रविवारी मला बाहेर बसव. राग नाही येणार मला."

लेकीचा गेममधला शिपाई एका जागी नुसता उभा राहिला आणि कोणीतरी येऊन त्याला मारून गेलं.

"बाबा," ती म्हणाली, "क्रेनवर दिसतं का?"

"दिवसा दिसतं."

"आणि संध्याकाळी?"

त्याने मागून हात घालून मॉनिटरचं ते बटण चाचपलं.

"बाबा, गेम गेला उडत. डॉक्टरला दाखवा. आणि तोवर वर जाऊ नका. ऐकताय ना? आईला दे... आईला द्या हेडफोन."

"बघतो मी."

"बघतो नाही, बाबा!" ती ओरडली, आणि ओरडता ओरडता तिला रडू आलं.

सोमवारी तो वर गेलाच. बायकोने डबा हातात देताना दार अडवलं होतं. "रजा टाका." "आज मोठं काम आहे," म्हणून तो तिच्या बाजूने निसटला. खोटं नव्हतं ते, पण खरंही नव्हतं. त्याला एकदा स्वतःचं स्वतः पाहायचं होतं. दिवसभर सगळं ठीक चाललं. सळया उचलल्या, फळ्या उचलल्या, खालच्याचा एकही इशारा चुकला नाही. दुपारी तर त्याला वाटलं, उगाच घाबरलो, दुकानदाराने काहीतरी घोळ घातला असणार. घरी जाऊन ब्राइटनेस पुन्हा वाढवू.

मग दिवस कलला. इमारतींच्या सावल्या आवारात उतरल्या. क्रेनच्या आकड्याला विटांनी भरलेला लोखंडी पिंजरा लटकत होता, तो दोन इमारतींच्या मधल्या बोळात उतरवायचा होता. त्याने बोळाकडे पाहिलं. मान पुढे काढली, डोळे बारीक केले, मोठे केले. इथे फिरवायला बटण नव्हतं.

"वरचे, सोडा," वॉकीटॉकीत खालचा म्हणाला. "हळू सोडा."

त्याने दांडी हलवली नाही.

"बोळात कोणी आहे का?" त्याने विचारलं.

"दोघं आहेत की. पिंजरा धरायला उभे केलेत. हात हलवताहेत तुम्हाला. दिसत नाहीत का?"

हवेत पिंजरा थोडासा झुलत होता. क्रेनवाल्याने एकवार डोळे मिटले. आजवर त्याच्या क्रेनखाली कोणाला खरचटलंही नव्हतं. उद्याही खरचटलं नसतं कदाचित, खालचा होता ना सांगायला. परवाही नसतं. त्या 'कदाचित'वर तो आणखी काही वर्षं काढू शकला असता, कोणाला पत्ताही लागला नसता. त्याच्या जिवाची जी काही तगमग चालली होती ती हे कबूल करावं लागू नये एवढ्यासाठीच होती, आणि आता ती अचानक थांबली.

"त्यांना बाजूला घे," तो म्हणाला. "पिंजरा मी मोकळ्या मैदानात उतरवतो. आजचं काम संपलं."

"अहो, पण साहेब..."

"साहेबांना मी सांगतो. बाजूला घे आधी."

उजेड होता तिथे, मोकळ्या मैदानात, त्याने पिंजरा असा टेकवला की वीटही वाजली नाही. यंत्र बंद केलं. रात्री विमानांना क्रेन दिसावी म्हणून शेंड्यावर असलेला लाल दिवा लावला. मग खुर्चीतली उशी काढली. क्रेनवाल्याची उशी वरच राहते. पावसात भिजते, उन्हात वाळते, तिला त्याच्या अंगाचा आकार येतो, पण ती रोज कोणी खाली आणत नाही. एकाची उशी उतरली की दुसऱ्याची चढते. ती बगलेत धरून, एकेका पायरीवर पाय नीट टेकला की नाही हे चाचपत तो शिडी उतरला.

खालचा शिडीपाशी येऊन उभा होता. त्याने उशी पाहिली आणि तोंडातली विडी काढली. इतकी वर्षं दोघं दिवसभर बोलत आले होते, पण मध्ये सगळी क्रेन असायची.

"वरचे," खालचा म्हणाला, "काय झालं?"

"दिसत नाही रे," क्रेनवाला म्हणाला. "ते दोघं मला दिसले नाहीत."

खालच्याने वॉकीटॉकी एका हातातून दुसऱ्या हातात घेतला. उशीकडे हात पुढे केला, "आणा, मी धरतो," म्हणाला. क्रेनवाल्याने उशी दिली नाही. साहेबांच्या खोलीकडे तो चार पावलं गेला, मग थांबून मागे वळला. वर, आभाळाकडे, तोंड करून त्याने विचारलं, "दिवा लागलाय ना?"

"लागलाय," खालचा म्हणाला. "चांगला दिसतोय."

"मग ठीक," तो म्हणाला आणि उशी नीट बगलेत धरून चालू लागला.