आजीची सही

“सुहासकाका, माझ्या आजीचा आवाज तुमच्या मालकीचा कधीपासून झाला?”

हे विचारून दाखव, अशी पैज तनूच्या दोस्तांनी, अक्षया आणि नकुलने लावली होती. तनूने ते इंग्लंडमधल्या स्लाऊच्या कम्युनिटी हॉलमध्ये, भीमजयंतीच्या कार्यक्रमाच्या तालमीत, चक्क माइकवर विचारलं. परवाच अठरा पूर्ण झाली होती. आता भितंय कोण!

तिचा गुन्हा एवढाच. गयाआजीने स्वतः रचून गायलेली भीमगीतं तिने ऑनलाइन टाकली. ती एकेकाळी सुहासकाकांच्या म्युझिक कंपनीने कॅसेटवर काढली होती. आता काकांचे सॉलिसिटर म्हणत होते, गाणी चोरली असं कबूल करून सही दे, नाहीतर कोर्टात ये.

काका हसले.

“गयाबाई, सांगा नातीला. सगळे हक्क कंपनीला, त्याखाली सही कुणाची?”

“माझीच.”

“आणि काय ऐटीत केलीत! मी म्हटलं, वाचून दाखवू का? तर म्हणे, नको, पेन द्या!”

लोक खो खो हसले. नकुलसुद्धा.

तनूला हा किस्सा पाठ होता. आजी तेव्हा नुकतीच संध्याकाळच्या क्लासमध्ये आपलं नाव लिहायला शिकली होती. तिच्या आईने जन्मभर अंगठा उठवला, म्हणून हिने दिसेल त्या कागदावर सही ठोकली. घरी सगळे हे कौतुकाने सांगायचे.

आजी उठली. एरवी ‘सुहास, जेवून जा रे’ म्हणणाऱ्या आजीने त्यांच्यापुढे हात जोडले.

“साहेब, पोर आहे ती. पण जयंतीला माझं एक गाणं मला म्हणू द्या.”

“बघू,” काका चहावर फुंकर मारत म्हणाले. “आधी पोरीची सही येऊ दे.”

घरी जाताना कारमध्ये पप्पा म्हणाले, “उद्या सही करून मोकळी हो, तनू. एक सही तर आहे.”

“ब्रिस्टलला ॲडमिशन घ्यायचीय ना?” मम्मी म्हणाली. “कशाला नसती केस?”

मागच्या सीटवर, तनूच्या शेजारी, आजी सवयीने गुणगुणायला लागली. एकच ओळ. मग दचकून तिने स्वतःच तोंडावर पदर दाबला.

तनूने तिचा हात खाली ओढला.

“मम्मी, पप्पा, मी सही करणार नाही. करू दे त्यांना केस. मी कोर्टात जाणार, आणि आजीने न वाचलेला तो कागद तिथे मोठ्याने वाचणार.”