वाजत जायचं

जयाच्या हळदीला धुरपताबाईनं अख्ख्या तांड्यादेखत एक घोळ घातला, आणि तो घोळ होता हे तिनं शेवटपर्यंत कबूल केलं नाही.

झालं असं, की मांडवात एक उंचेली पोरगी शिरली. अंगात पायघोळ काळा झगा आणि छातीपासून बाह्यांपर्यंत लालभडक भरतकाम. आता धुरपताबाई म्हणजे ढाणकीजवळच्या त्या बंजारा तांड्यात फेटिया-कांचळी घालणारी शेवटची बाई. सुना साड्यांवर गेल्या, नाती पंजाबी ड्रेसवर गेल्या, आणि आरशाकवड्यांचा तो जड घागरा एकट्या म्हातारीच्या कमरेला उरला. भरलेला कपडा अंगावर मिरवणारी तरणी पोरगी पाहून तिचं काळीज सुपाएवढं झालं. हळदीची वाटी हातात तशीच धरून ती पुढं झाली आणि गोरबोलीत म्हणाली, "तू कुणसे तांडेर, छोरी?" कुठल्या तांड्याची, असं ती विचारत होती. पोरगी नुसती हसली. म्हातारीनं गोत्र विचारलं, पोरगी पुन्हा हसली. मग मात्र म्हातारीचा पारा चढला.

"शयरात गेल्या का बोली बी इसरता काय व? मायनं एवढं भरून देल्लं, बोली नाही देल्ली?"

बाया पदर तोंडाला लावून हसायला लागल्या. नवरी मुलगी, म्हणजे धुरपताबाईची नात जया, हळदीच्या अंगानं धावत आली. "दादी, अवं ते आपल्यातली नाही! नजाह हाये, माही मैत्रीण. पुण्याले नर्सिंगले आम्ही एकाच खोलीत होतो. पॅलेस्टाईनची हाये ते."

"मंग? तिकडं तांडे नसतीन काय?" धुरपताबाई म्हणाली, आणि नजाहच्या दोन्ही गालांना हळद फासून मोकळी झाली.

त्या दिवसापासून नजाह म्हातारीच्याच खाटेशी बसू लागली. पुण्यात राहून तिला हिंदी येत होतं, मोडकंतोडकं मराठीही येत होतं. म्हातारी झग्याचा काठ उलटा करून टाके बघायची. समोरून कोणीही छान भरतं, खरी बाई मागच्या बाजूनं कळते, असं तिचं मत होतं. मागची बाजू बघून ती खूश झाली. "मायचा हात साफ हाये तुह्या," ती म्हणाली.

नजाहनं सांगितलं, त्यांच्याकडं पूर्वी झग्यावरची नक्षी पाहून बाई कुठल्या गावची ते कळायचं. त्यातली कितीतरी गावं आता नाहीत, पण नक्षी आहे. मग तिनं छातीवरच्या वेलबुट्टीत लपलेले चिमुकले झेंडे दाखवले. तिची आई तरुण होती तेव्हा त्यांच्या मुलखावर बाहेरची फौज बसलेली होती, आताही आहे. तेव्हा झेंडा लावायला बंदी होती. सैनिक घरावरचे झेंडे उतरवायचे, लावणाऱ्याला पकडून न्यायचे. म्हणून बायांनी झेंडे झग्यावर भरले आणि सैनिकांच्या समोरून बाजाराला गेल्या.

"शाबास!" म्हातारीनं मांडीवर थाप मारली. "भिताडावरचा काढसान. बाईच्या छातीवरचा कसा काढता?"

एवढं सगळं गोडीगुलाबीचं चाललं होतं, पण जयाला एक घोर लागला होता. लग्न झालं की नजाह परत जाणार होती. जायचं होतं जेरुसलेमच्या शिवेवरच्या तिच्या गावाला. तिथं रस्त्यारस्त्यावर लष्कराचे नाके, गाव आणि शहराच्या मध्ये भिंत, भाऊ तुरुंगात. खुद्द आई फोनवर म्हणत होती, येऊ नकोस, तिथंच नोकरी धर. यवतमाळच्या एका दवाखान्यात जयानं शब्दही टाकून ठेवला होता. नजाह कोणाचंच ऐकेना.

"दादी, तूच सांग तिले. तुह्यं ऐकन ते."

धुरपताबाईला सांगायचंच होतं. खरं तर तिला ती पोरगी हवी होती. टाके कळणारी एक तरी पोरगी तांड्यात नांदावी, असं तिला मनापासून वाटत होतं. तिनं नजाहला समोर बसवलं आणि सरळ विषयाला हात घातला. "काहून जातं व मरायले? इथं खायप्यायले हाये, नोकरी हाये. माय बी नको म्हणते. राहाय इथंच."

"नाही गेले तर पुन्हा जाता येणार नाही," नजाह म्हणाली. "फार दिवस बाहेर राहिलं की ते म्हणतात, तुझं घर इथं नाही. राहायचा हक्क काढून घेतात."

"सोताच्या घरात राहाले त्याइची परवानगी?"

"हो. पण त्यासाठी नाही जात, दादी." नजाह सांगू लागली. "माझा जन्म नाक्यावरचा आहे. आईला कळा आल्या, दवाखाना नाक्याच्या पलीकडं. सैनिकांनी सोडलं नाही. आई रस्त्याच्या कडेला धुळीत बाळंत झाली. बायांनी आपल्या ओढण्या धरून आडोसा केला. मग मला पोटाशी धरून आई चालत घरी परतली. अजूनही गावातल्या बाया पोटावर हात ठेवून त्या नाक्यावर थांबतात. म्हणून मी सुईणीचं काम शिकले. नाका हलवणं माझ्या हातात नाही. पण नर्स नाक्याच्या अलीकडं असली, तर बाईला तो ओलांडायची गरज काय?"

धुरपताबाई उठली, पत्र्याची पेटी उघडली आणि तळातून एक जुनी ओढणी काढली. काठाला घुंगरांची ओळ होती. या ओढणीसाठी शहरातले व्यापारी तीनदा तांड्यावर येऊन गेले होते आणि तिन्ही वेळा म्हातारीनं त्यांना शिव्या घालून वाटेला लावलं होतं.

"हे माह्या आजीची," ती म्हणाली. "तवा आमचा तांडा पैनगंगेच्या पल्याड, निजामाच्या राज्यात होता. आमच्या लोकाइले चोरच समजत. सांजच्याले चावडीवर हाजरी. पासाबिगर शिव नाही ओलांडाची. आजीच्या भावाचं लगन निघालं इकडं, अन् पास भेटला नाही. तरी आजी गेली. घुंगरं काढून ठिवली असती तं कोनाले पत्ता नसता. नाही काढली. वाजत गेली, वाजत आली. वापस आल्यावर दिवसभर चावडीवर उन्हात बसवलं तिले. आजी म्हने, चोर असते थो गुपचूप जाते. म्या काहून गुपचूप जाऊ?"

नजाहनं ती ओढणी डोळ्यांना लावली. धुरपताबाईनं तिच्या डोक्यावरून हात फिरवला आणि बाहेर येऊन जयाला म्हणाली, "ते जाते. तिले कोनी काही म्हनाचं नाही."

"दादी! तुले समजवाले सांगतलं होतं!"

"समजली ना. मीच समजली."

लग्न लागलं. निघायच्या वेळी जयानं ढावलो म्हटला. माहेर सोडताना नवरीनं एकेकाच्या गळ्यात पडून रडत गायचा, अशी गोर-बंजाऱ्यांची रीत आहे. हल्लीच्या पोरींना तो येत नाही, म्हणून जयानं दादीचा आवाज मोबाईलवर भरून घेऊन पाठ केला होता. मध्येच अडखळली की म्हातारी मागून ओळ पुरवायची. जयाचा बाप शंकरसिंग एरवी दगडासारखा माणूस, तोही मांडवाच्या खांबाला धरून हुंदके देत होता. नजाहला शब्द कळत नव्हते, पण तिचं तोंड आसवांनी भिजून गेलं होतं.

जया बाभूळगावाकडच्या सासरहून मांडव परतणीला आली, त्याच दिवशी नजाह निघाली. तिला एसटीवर घालायला बाया रस्त्यापर्यंत आल्या. रडारड सुरू झालीच. जया म्हणाली, "दादी, हे बी तुही लेकच हाये. हिच्यासाठी ढावलो म्हण ना."

धुरपताबाई अशी काही गरजली की झाडाखालची कुत्री उठली. "डोळे पुसा सगळ्याजनी! ढावलो कोनासाठी असते? सासरी जाते तिच्यासाठी. हे माहेरी चालली. माहेरी जानारीले कोनी रडत पाठवते काय?"

बायांनी पदरानं डोळे पुसले. कोणीतरी नाक ओढलं. म्हातारीनं नजाहच्या हातात काळा झगा ठेवला. आदल्या रात्री तिनं तो मागून घेतला होता, आता तो रुणझुण वाजत होता. घेराला खाली घुंगरांची ओळ शिवलेली होती. आजीच्या ओढणीचा काठ रिकामा झाला होता.

जयाच्या तोंडचं पाणी पळालं. "अवं दादी, तिथं जागोजागी तपासतात! नाक्यावर मशीन असते, ते वाजन!"

"वाजू दे," धुरपताबाई म्हणाली. "घराची मालकीन येऊन राह्यली, समजू दे त्याइले."

एसटी आली. नजाहनं वाकून म्हातारीचे पाय शिवले, म्हातारीनं तिला उठवून छातीशी धरलं. गाडी वळणाआड गेली तरी म्हातारी रस्त्यावर ताठ उभी होती. त्या रात्री ती जेवली नाही. अभिमान होता, आणि भीतीही तेवढीच होती.

पुढं कितीतरी दिवस फोन नाही. जया रोज लावायची, लागायचा नाही. धुरपताबाई विचारायची नाही, पण जयाच्या आईचा मोबाईल वाजला की हातातलं काम टाकून बघायची. शेवटी एका दुपारी, तुरीच्या शेंगा सोलत बसली असताना, नजाहचा फोन आला.

"दादी, नाक्यावर मशीन वाजलं. ते म्हणाले, घुंगरू तोडून टाक. मी म्हटलं, नाही. दुपारभर उन्हात बसवलं. मग जा म्हणाले."

"अन् मंग?"

"मग काय, आले. काल एका बाईला मुलगी झाली. घरीच झाली, नाक्यावर नाही. आई इथंच बसली आहे. ऐक."

फोनमधून घुंगरांचा आवाज आला. कोणीतरी झग्याचा घेर धरून हलवत होतं, बहुतेक तिची आई. धुरपताबाईनं फोन कानावरून काढला, हात उंच केला आणि शेंगा तुडवत अंगणात आली. तिचे डोळे घळाघळा वाहत होते आणि ते पुसायचं तिला भानही नव्हतं.

"ऐका व सगळ्याजनी!" ती तांड्याला ऐकू जाईल एवढ्यानं ओरडली. "पोचली माही पोरगी! वाजत गेली!"