मावशीचं बोलणं

सरकार कुठलंही येवो, बाई त्याच्या डोळ्यांत खुपायची. तुरुंग, दंगली, बंद पडलेले कारखाने, सगळ्यांवर तिने टीव्हीसाठी माहितीपट केले. बक्षिसं ठेवायला भिंत पुरेना. दर वेळी चित्रित केलेलं थोडं सोडायचं आणि थोडं वाचवायचं, हेही ती टीव्हीतच शिकली. त्याला ती लढाई म्हणायची.

यंदाचा माहितीपट पोलिसांच्या गोळीबारावर होता. शिवणकाम करणाऱ्या एका मावशीचा मुलगा त्यात गेला. धाकट्या बहिणीला शिकवणीवरून आणायला निघाला होता. सरकारने त्याला दंगलखोर ठरवलं आणि गल्लीने मावशीकडे कपडे टाकणं बंद केलं. "तो कशाला निघाला होता, एवढंच लोकांना ऐकू दे," म्हणून ती कॅमेऱ्यासमोर बसली. सगळं नीट सांगितलं. मग तिला रडू फुटलं.

चॅनेलच्या साहेबांनी फर्मावलं, "ते बहिणीचं उडवा. नाहीतर अख्खा माहितीपट बासनात."

बाई भांडली, राजीनाम्यापर्यंत गेली. शेवटी ठरलं: चेहरा राहील, शब्द जातील, वर व्हायोलिन.

"ओठ हलताना दिसतायत, बाई," संकलक म्हणाला.

"दिसू दे. चेहरा खूप बोलतो."

"घंटा बोलतो," असं पुटपुटत त्याने आवाज शून्यावर नेला.

निदान चेहरा तरी वाचवला, या आनंदात बाई घरी गेली. मावशीला कळवायचं तिला सुचलंही नाही.

माहितीपट लागला त्या संध्याकाळी, तो संपायच्या आत मावशीचा फोन आला. मागे गलका.

"अगं पोरी, आमच्या टीव्हीला काय धाड भरलीय! नुसतं संगीत वाजतंय. घरोघर जाऊन बोलावलंय मी सगळ्यांना. तोंड फिरवणाऱ्यासुद्धा आल्यात. तुझ्याकडे येतंय ना माझं बोलणं?"

हो म्हटलं असतं तर निभावलं असतं.

"टीव्ही ठीक आहे, मावशी. ते बोलणं आम्ही काढलं."

"आम्ही म्हणजे कोण?"

"मी."

मागून कुणीतरी विचारलं, "काय म्हणतेय गं? येईल का आवाज?"

मावशीने हळूच विचारलं, "मग माझं तोंड कशाला ठेवलंस?"

उत्तराची वाट न बघता मावशीने फोन खाली ठेवला, पण तो चालूच राहिला.

"जा गं बायांनो घरी. काही नाही त्यात."

चपला शोधण्याची गडबड झाली. दारातून एकजण म्हणाली, "पण टीव्हीवर छान दिसलीस हो."